वॉनहोप

वॉनहोप : ‘घोर निराशा’, त्यातही ‘ईश्वराच्या दयेची आशा सोडून देणे’, या अर्थाचे मध्ययुगीन इंग्रजीतील नाम. त्याचे सर्वांत जुने लिखित दाखले साधारणतः १३०० च्या आसपासचे मानले जातात. चौदाव्या-पंधराव्या शतकांतील धार्मिक गद्यात आणि काव्यात तो ठिकठिकाणी भेटतो. सोळाव्या शतकात त्याचा वापर आटला आणि फ्रेंचमधून आलेल्या ‘डिस्पेअर’ने त्याची जागा घेतली. आजचे इंग्रजी कोश त्याच्यापुढे ‘अप्रचलित’ किंवा ‘आर्ष’ अशी खूण करतात.

शब्दाचे घटक दोन : ‘वॉन’ हा उपसर्ग आणि ‘होप’ म्हणजे आशा. ‘होप’च्या मुळाविषयी एकमत नाही. उडी मारणे या अर्थाच्या ‘हॉप’ या क्रियापदाशी त्याचे नाते जोडण्याचा प्रयत्न झाला आहे, पण तो फारसा मान्य झालेला नाही. उपसर्गाची वंशावळ मात्र पुष्कळच स्पष्ट आहे. प्राचीन इंग्रजीतील ‘वन’ या विशेषणाचा अर्थ ‘कमी असलेला, उणा’ असा होता. चंद्रकला घटणे या अर्थाचे ‘वेन’ हे क्रियापद त्याच कुळातले, आणि मुळात ‘उणीव असणे’ असा अर्थ असलेले ‘वॉन्ट’ही त्याच कुळातले, स्कँडिनेव्हियन भाषांच्या वाटेने इंग्रजीत आलेले. हे कूळ जर्मानिक भाषांच्याही मागे जाते. लॅटिन ‘वानुस’ (रिकामा, फोल) आणि संस्कृत ‘ऊन’ यांचे मूळ तेच आहे, असे तौलनिक भाषाशास्त्र मानते. म्हणजे मराठीतील उणे, उणीव, न्यून आणि एकोणीस-एकोणतीस ही संख्यानामे ‘वॉनहोप’मधल्या उपसर्गाची दूरची भावंडे ठरतात.

या नात्याचा सर्वांत बोलका पुरावा गॉथिक या प्राचीन जर्मानिक भाषेत आहे. चौथ्या शतकात वुल्फिला या बिशपने बायबलचे गॉथिक भाषांतर केले. त्यात करिंथकरांस पाठवलेल्या दुसऱ्या पत्रात (११:२४) प्रेषित पौल आपल्याला पाच वेळा पडलेल्या फटक्यांचा हिशोब सांगतो, तेथे संख्या ‘फिद्वोर तिगुन्स अइनम्मा वनन्स’ अशी दिली आहे : एकाने उणे चाळीस. संस्कृतातील ‘एकोनचत्वारिंशत्’ आणि मराठीतील ‘एकोणचाळीस’ यांची बांधणी हुबेहूब हीच आहे. मूळ ग्रीक पाठात ‘एक सोडून चाळीस’ अशी रचना असल्याने वुल्फिलाला वजाबाकीची वाट तेथूनच मिळाली, हे खरे; पण ती वाट चालण्यासाठी त्याने हाताशी धरला तो ‘वन्स’ हाच शब्द. ‘वॉनहोप’चा अर्थ लावताना हे मुद्दाम ध्यानात ठेवायला हवे. उपसर्गाचा मूळ भाव ‘वाईट’ किंवा ‘चुकीचा’ हा नसून ‘जितके असायला हवे तितके नसणे’ हा आहे.

प्राचीन इंग्रजीत या उपसर्गाचे अनेक समास होते. ‘वनहाल’ म्हणजे आजारी, ‘वनस्पेडिग’ म्हणजे दरिद्री. ‘बेओवुल्फ’ या महाकाव्यात ग्रेंडेल राक्षसाला ‘वॉनसॅली’, म्हणजे सुखाला पारखा झालेला, म्हटले आहे. त्याच्या अविचारासाठीही याच उपसर्गाचा शब्द वापरला आहे. ‘वॉनहोप’ मात्र प्राचीन इंग्रजीच्या ग्रंथांत येत नाही. तेथे निराशेसाठी ‘ओरवेननेस’ हा शब्द होता. ‘ओर’ म्हणजे विना आणि ‘वेन’ म्हणजे अपेक्षा. मध्य डचमधील ‘वानहोपे’ हा शब्द रूपाने आणि अर्थाने तंतोतंत जुळत असल्याने इंग्रजीने तो उसना घेतला असावा, अशी शंका येऊ शकते. तथापि उपसर्ग आणि नाम दोन्ही इंग्रजीत आधीपासून जिवंत होते आणि ‘वॉनट्रस्ट’ (अविश्वास) यासारखे जोडशब्दही त्याच काळात घडत होते. चौदाव्या शतकातील कवी चॉसर याच्या ‘मॅन्सिपल्स टेल’ या कथेत हा ‘वॉनट्रस्ट’ येतो. तेव्हा दोन्ही भाषांत हा शब्द स्वतंत्रपणे घडला असावा, हे मत अधिक ग्राह्य वाटते.

कोशांत या शब्दाचा एक दुय्यम अर्थही नोंदलेला आहे. वेबस्टरच्या १९१३ च्या बृहद्‌कोशात ‘आशेचा अभाव, निराशा’ या अर्थानंतर ‘क्षीण किंवा फसवी आशा, भ्रम’ असा अर्थ दिला आहे. हे दोन अर्थ एकमेकांना जवळजवळ छेद देतात. निराश माणसाकडे फसवी आशासुद्धा उरलेली नसते. हा दुसरा अर्थ कसा आला असावा, याची उपपत्ती दोन प्रकारे लावता येते. एक, उपसर्गाचा अर्थ ‘उणा’कडून ‘सदोष’कडे सरकला. असे सरकणे ‘वॉन्टन’ या शब्दात दिसते. त्याचा मूळ अर्थ ‘वळण न लागलेला’ असा होता, पुढे तो ‘स्वैर’, ‘बेछूट’ असा झाला. दोन, शब्द बोलण्यातून गेल्यावर वाचकांना त्यातला उपसर्ग ओळखू येईना आणि त्यांनी तो ‘फिकट, निस्तेज’ या अर्थाच्या ‘वॉन’ या विशेषणाशी जोडला. हे विशेषण निराळे आहे. प्राचीन इंग्रजीत त्याचा अर्थ ‘काळसर’ असा होता. ‘वॉनहोप’ म्हणजे ‘फिकट आशा’ ही फोड आजही सहज केली जाते. ती कानाला गोड लागते, पण व्युत्पत्तीच्या दृष्टीने चुकीची आहे. दुय्यम अर्थातील ‘क्षीण’ ही छटा या गैरसमजातून आणि ‘फसवी’ ही छटा उपसर्गाच्या अर्थविस्तारातून आली असावी. चौदाव्या शतकातील मजकूर वाचताना तरी हा दुय्यम अर्थ बाजूला ठेवणेच योग्य.

त्या शतकात ‘वॉनहोप’ हे मनाच्या अवस्थेपेक्षा एका पापाचे नाव होते. ख्रिस्ती नीतिशास्त्रात विश्वास, आशा आणि प्रीती हे तीन ईश्वरदत्त सद्‌गुण मानतात. त्यांपैकी आशेच्या विरुद्ध टोकाला ही निराशा. चौथ्या शतकात इव्हॅग्रिअस या तपस्व्याने मनाला ग्रासणाऱ्या आठ विचारांची यादी केली. त्यात खिन्नता आणि ‘अकीडिआ’, म्हणजे साधनेचा येणारा उबग, हे दोन वेगळे धरले होते. सहाव्या शतकाच्या अखेरीस पोप पहिला ग्रेगरी याने यादी सातांवर आणली, खिन्नतेला मुख्य दोष ठरवले आणि तिच्या सहा कन्यांत निराशेची गणना केली. पुढे यादीत खिन्नतेच्या जागी पुन्हा ‘अकीडिआ’, म्हणजेच आळस, आला आणि निराशा त्याच्या पदरी गेली. चॉसर आणि त्याचा समकालीन कवी लँग्लंड या दोघांकडे वॉनहोप आळसाच्याच संगतीत का सापडते, याचे उत्तर या घडामोडीत आहे. हा आळस अंगचोरपणाचा नव्हे. सत्कर्माविषयीच मन मरून जाणे, असा तो आहे. तेराव्या शतकात थॉमस अक्वायनस या धर्मतत्त्वज्ञाने निराशेची स्वतंत्र चर्चा केली. ईश्वरद्वेष आणि अश्रद्धा ही पापे स्वरूपतः अधिक गंभीर असली तरी माणसाच्या बाजूने पाहता निराशा अधिक घातक, कारण आशा सुटली की वाईटापासून मागे खेचणारे काहीच उरत नाही, असा त्याचा युक्तिवाद आहे.

इंग्रजीत या शब्दाचे सर्वांत नेमके विवेचन चॉसरच्या ‘कँटरबरी टेल्स’मधील ‘पार्सन्स टेल’ या गद्य प्रवचनात आहे. (हा ग्रंथ साधारण १३८७ ते १४०० या काळातला धरला जातो.) ‘वॉनहोप’ म्हणजे देवाच्या दयेविषयीची निराशा, अशी व्याख्या तेथे दिली असून ती कधी अतोनात दुःखातून आणि कधी अतोनात भीतीतून येते, असे सांगितले आहे. आपल्या हातून इतके पाप घडले आहे की आता पश्चात्ताप करूनही उपयोग नाही, असे माणसाला वाटू लागते आणि मग तो कोणत्याही पापाला कचरत नाही. दाखला ख्रिस्ताला विकणाऱ्या यहूदाचा दिला आहे. ही अवस्था मरेपर्यंत टिकली तर तिलाच पवित्र आत्म्याविरुद्धचे पाप म्हणतात. गरज नसताना ‘हरलो’ म्हणून शस्त्र टाकणाऱ्या भित्र्या योद्ध्याशी चॉसरने अशा माणसाची तुलना केली आहे.

प्रवचनाच्या शेवटी वॉनहोपचे दोन प्रकार पाडले आहेत. पहिला, ख्रिस्त आपल्याला क्षमा करील हा भरवसा नसणे. दुसरा, आज सुधारलो तरी चांगुलपणात आपण फार काळ टिकणार नाही, असे वाटणे. हा दुसरा प्रकार टीकाकारांकडून काहीसा दुर्लक्षिला गेला आहे. वास्तविक तोच अधिक सूक्ष्म आहे : त्यात देवाच्या दयेबद्दल शंका नसते, शंका असते ती स्वतःच्या चिकाटीबद्दल. पहिल्या प्रकारावर चॉसर उतारा देतो तो असा, की पापाच्या बांधण्याच्या शक्तीपेक्षा ख्रिस्ताच्या यातनांची सोडवण्याची शक्ती मोठी आहे.

चॉसरला या शब्दाचा लौकिक उपयोगही ठाऊक होता. ‘नाइट्स टेल’मध्ये आर्साइट कैदेतून सुटतो, पण हद्दपार झाल्यामुळे एमिलीचे दर्शनही त्याला दुरावते. पृथ्वी, आप, तेज, वायू यांपैकी कशातूनही आपल्याला दिलासा मिळणार नाही, ‘वॉनहोप’मध्येच आपण मरावे, असे तो म्हणतो. येथे पाप नाही, प्रेमभंग आहे. शब्दाला धर्माबाहेरचे आयुष्य होते, पण ते बेताचेच.

लँग्लंडच्या ‘पिअर्स प्लाउमन’ या रूपककाव्यात वॉनहोप हे पात्र होते. काव्याच्या विसाव्या सर्गात आळस वयात येतो आणि वॉनहोप नावाच्या वेश्येशी लग्न लावतो. तिचा बाप कधी खरी शपथ न घेतलेला पंच. त्याआधी पाचव्या सर्गात पापे एकेक करून कबुली देतात. आळसाला मूर्च्छा येते, तेव्हा ‘जागा राहा’ अशा अर्थाचे लॅटिन नाव असलेला पहारेकरी त्याच्या तोंडावर पाणी मारून त्याला सावध करतो आणि बजावतो : वॉनहोपपासून जप, ती तुझा घात करील. देवाच्या चांगुलपणाहून मोठा असा अपराधच नाही, हे आश्वासनही तो लगेच देतो. हा सारा प्रसंग अतिशय हृद्य आहे. रूपककाव्यातील कोरडेपणा त्याला शिवलेला नाही.

चित्रकलेत याच कल्पनेला निश्चित आकृती मिळाली. इटलीत पादुआ येथील अरीना चॅपेलमध्ये चित्रकार जॉत्तोने १३०५ च्या सुमारास सद्‌गुण आणि दुर्गुण समोरासमोरच्या भिंतींवर रंगवले. आशा पंख पसरून वर झेपावते आहे, तर निराशेने गळफास घेतला आहे. पंधराव्या शतकातील ‘आर्स मोरिएन्डी’ या सुखमरणविषयक पुस्तिकांत मरणासन्न माणसाला पडणारे पाच मोह दाखवले आहेत. त्यांतला दुसरा निराशेचा. त्याच्या उताऱ्याच्या चित्रात खाटेभोवती कोंबड्यासह पेत्र, मग्दालिया मरीया, क्रुसावरचा पश्चात्तापी चोर आणि घोड्यावरून पडलेला पौल ही क्षमा पावलेली माणसे जमवलेली असतात. पेत्राने ख्रिस्ताला नाकारले, यहूदाने विकले. एक रडला आणि तरला, दुसरा निराश होऊन बुडाला, हा या सर्व परंपरेचा आवडता दृष्टान्त.

शब्द मागे का पडला, याचे एकच कारण सांगता येत नाही. ‘डिस्पेअर’ लॅटिन ‘देस्पेरारे’वरून फ्रेंचमार्गे आला होता आणि लॅटिन जाणणाऱ्या धर्मगुरूंना तो जवळचा होता. शिवाय त्याचे क्रियापद सहज होत असे. चॉसरने ‘वॉनहोप’ची व्याख्या ‘डिस्पेअर’ हा शब्द वापरूनच केली आणि पुढच्या ओळींत तोच चालवला, यावरून चौदाव्या शतकाच्या अखेरीसच पारडे कुठे झुकले होते ते कळते. १५९० मध्ये कवी स्पेन्सरने ‘फेअरी क्वीन’ या काव्यात गुहेत बसून आत्मनाशाचा उपदेश करणारे पात्र आणले, जुन्या शब्दांची त्याची हौस प्रसिद्ध असूनही त्या पात्राचे नाव ‘डिस्पेअर’ असेच आहे. १६११ च्या अधिकृत बायबलातही हाच शब्द आहे.

एकोणिसाव्या शतकात ‘अर्ली इंग्लिश टेक्स्ट सोसायटी’ची स्थापना झाली (१८६४) आणि तिच्यासाठी भाषापंडित स्कीटने ‘पिअर्स प्लाउमन’चे तीन पाठ १८६७, १८६९ व १८७३ मध्ये संपादित केले. त्यामुळे ‘वॉनहोप’ पुन्हा वाचकांसमोर आला, तरी बोलण्यात परतला नाही. आज तो दुर्मीळ शब्दांच्या संग्रहांत किंवा मुद्दाम जुनी धाटणी पत्करणाऱ्या लेखनात दिसतो. त्याची डच बहीण ‘वानहोप’ मात्र निराशेचा रोजचा शब्द म्हणून नेदरलँड्समध्ये सर्रास चालते. ‘वानहोपिख’ हे तिचे विशेषण आहे, आणि निराशेच्या भरात केलेल्या कृत्याला ‘वानहोप्सदाद’ म्हणतात. जर्मनमध्ये शंकेवरून घडलेला ‘फरझ्वायफ्लुंग’ रूढ झाला आहे. स्कॉट्स बोलीत ‘वॉनचान्सी’ (अपशकुनी, दुर्दैवी) यासारख्या शब्दांत हा उपसर्ग तग धरून राहिला.