शेजाऱ्यांच्या दिवाणी वादात फौजदारी तक्रारीचा गैरवापर (महाराष्ट्र)

वाद असतो बांधाचा, वाटेचा, विहिरीच्या पाण्याचा नाहीतर वरच्या फ्लॅटमधल्या गळतीचा, पण तो मिटवायला तहसीलदाराकडे किंवा दिवाणी कोर्टात न जाता समोरच्याला नमवायला पोलीस स्टेशनला खोटी किंवा फुगवलेली तक्रार द्यायची, याला फौजदारी तक्रारीचा गैरवापर म्हणतात. गावाकडे याला सरळ ‘केसमध्ये अडकवणं’ म्हणतात. यात एक गोष्ट आधीच सांगायला पाहिजे की बांधाच्या भांडणात खरोखर डोकी फुटतात, खूनही होतात, त्यामुळे शेजाऱ्याने केलेली प्रत्येक तक्रार खोटी समजणं हे पण तितकंच चुकीचं आहे.

हे घडतं कसं ते बघा. पेरणीच्या टायमाला एकाने नांगर थोडा आत घातला, दुसऱ्याने अडवलं, शिवीगाळ झाली, ढकलाढकली झाली. एवढंच सांगितलं तर पोलीस एनसी घेतात, म्हणजे अदखलपात्र नोंद, आणि मॅजिस्ट्रेटच्या आदेशाशिवाय त्यात तपास करता येत नाही, त्यामुळे एनसीला कोणी भीत नाही. मग जबाबात काठी, कोयता, कुऱ्हाड येते, कारण घातक हत्याराने दुखापत केली म्हटलं की भारतीय न्याय संहितेचं कलम ११८ लागतं (जुन्या भादंविचं ३२४) आणि गुन्हा दखलपात्र होतो. झटापटीत गळ्यातलं मंगळसूत्र हिसकावलं हे एक वाक्य वाढवलं की प्रकरण थेट जबरी चोरीपर्यंत जातं.

त्याहून वाईट म्हणजे नावं. भांडायला दोघं असतात आणि तक्रारीत अख्खं घर असतं, पुण्याला नोकरी करणारा भाऊ, म्हातारी आई, आणि हमखास तो पोरगा जो पोलीस भरतीची तयारी करतोय. त्याचं नाव मुद्दाम घातलं जातं कारण चारित्र्य पडताळणीत गुन्हा दिसतो, आणि मग मध्यस्थाकरवी निरोप येतो की वाट सोडा, पोराचं बघू. समोरचा पण गप्प बसत नाही, तोही क्रॉस तक्रार देतो, दोन्हीकडून वकील लागतात, जामीन, तारखा, आणि इतकं सगळं होऊन बांध नक्की कुठे आहे हा प्रश्न तसाच राहतो कारण फौजदारी कोर्ट शेताची हद्द ठरवून देत नाही. माझ्या मते या प्रकारातलं खरं नुकसान हेच आहे.

लोक पोलिसांकडे का जातात याचं कारण सोपं आहे, दिवाणी दावा वर्षानुवर्षं चालतो आणि एफआयआर एका दिवसात होतो. त्यात जुन्या नोंदींचा घोळ. १९४७ च्या तुकडेबंदी आणि एकत्रीकरण कायद्याखाली गट पाडले गेले तेव्हा बऱ्याच गावात कागदावर एक आणि वहिवाटीत दुसरंच असं झालं, सातबारा याचा आणि कसतोय तो. पण मार्ग आहेत आणि ते लोकांना माहीत नसतात ही खंत आहे. हद्दीसाठी भूमी अभिलेखची मोजणी. चालू वाट अडवली तर मामलेदार न्यायालय अधिनियम १९०६, कलम ५, पण अडवल्यापासून सहा महिन्यांच्या आत अर्ज पाहिजे. शेतात जायला वाटच नसेल तर जमीन महसूल अधिनियम १९६६ चं कलम १४३, ज्यात तहसीलदार बांधावरून रस्ता देऊ शकतो. ताबा बदलण्याचा धोका असेल तर दिवाणी कोर्टात मनाई हुकूम. शहरात सोसायटीच्या कारभाराशी संबंधित वाद असेल तर सहकार न्यायालय.

कोर्टांनी यावर बरंच सांगून ठेवलंय. १९९० च्या भजनलाल निकालात सुप्रीम कोर्टाने गुन्हा रद्द करता येईल असे सात प्रकार दिले, त्यातला सातवा म्हणजे खुन्नस काढायला केलेली केस. २००६ च्या इंडियन ऑइल निकालात दिवाणी वादाला फौजदारी रूप द्यायची वाढती प्रवृत्ती कोर्टाने नोंदवली, तो वाद धंद्यातला होता पण तत्त्व इथेही लागू होतं. २०१३ च्या ललिता कुमारी निकालाने दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाली की एफआयआर घेणं बंधनकारक केलं, जे बरोबरच आहे कारण गरिबाला पोलीस परत पाठवायचे, पण जबाबात कोयता घालणाऱ्याला पण तोच दरवाजा उघडला. म्हणून २०१५ ला प्रियंका श्रीवास्तव निकालात मॅजिस्ट्रेटकडून तपासाचा आदेश मागताना शपथपत्र सक्तीचं झालं, आणि १ जुलै २०२४ पासून जुन्या सीआरपीसीच्या जागी लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेत तीन वर्षं किंवा जास्त पण सात वर्षांपेक्षा कमी शिक्षेच्या गुन्ह्यात डीवायएसपीच्या परवानगीने १४ दिवसांत प्राथमिक चौकशी करता येते.

ॲट्रॉसिटी कायद्याबद्दल जपून बोलावं लागतं. २०२० मध्ये उत्तराखंडातल्या एका जमिनीच्या वादात सुप्रीम कोर्टाने म्हटलं की फिर्यादी अनुसूचित जातीचा आहे एवढ्यावर गुन्हा होत नाही, अपमान जातीवरून आणि लोकांसमोर झालेला पाहिजे. पण दलित शेतकऱ्याची वाट जातीमुळेच अडवली जाते हे गावात राहणाऱ्याला सांगायला नको, आणि ‘गैरवापर’ हा शब्द वापरून अशी खरी तक्रार दाबली जाते हे पण होतं.

सरकारी पातळीवर १५ ऑगस्ट २००७ ला आर. आर. पाटील गृहमंत्री असताना महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम सुरू झाली, गावातच समिती बसून वाद मिटवायचे. २०२३ मध्ये सलोखा योजना आली, दोन शेतकऱ्यांचा ताबा एकमेकांच्या जमिनीवर १२ वर्षांपासून असेल तर १००० रुपये मुद्रांक आणि १००० रुपये नोंदणी फीमध्ये अदलाबदल. भांडणाच्या मुळालाच हात घालणारी म्हणून ही योजना मला जास्त मोलाची वाटते.

ज्याच्यावर खोटी केस झाली तो हायकोर्टात नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५२८ (जुन्या सीआरपीसीचं ४८२) खाली ती रद्द करायला जाऊ शकतो, आणि दोघांत समझोता झाला तरी हाच रस्ता लागतो, जर गुन्हा खालच्या कोर्टात मिटवता येण्यासारखा नसेल तर. खोटी माहिती देणाऱ्याला न्याय संहितेच्या कलम २१७ खाली एक वर्षापर्यंत शिक्षा आहे, पण त्यासाठी संबंधित अधिकाऱ्याने किंवा त्याच्या वरिष्ठाने लेखी तक्रार करावी लागते. नुकसानभरपाईचा दिवाणी दावा निर्दोष सुटल्यापासून एक वर्षाच्या आत टाकावा लागतो.