सॅच्युरेशन शंभर का नको?

अपुऱ्या दिवसांचं बाळ एनआयसीयूत, म्हणजे नवजात बाळांच्या अतिदक्षता विभागात असतं. काचेबाहेर उभ्या असलेल्या नातेवाइकांची नजर बाळापेक्षा मॉनिटरवरच जास्त असते आणि तिथला ९२चा आकडा बघून कोणीतरी हमखास विचारतं, "शंभर का नाही? ऑक्सिजन थोडा वाढवा की!" विचारणाऱ्याची काळजी खरी असते. कोविडच्या काळात घरोघरी ऑक्सिमीटर आला आणि ९५च्या खालचा आकडा म्हणजे धोका, हे सगळ्यांच्या मनात पक्कं बसलं. हा आकडा म्हणजे सॅच्युरेशन, रक्तातलं हिमोग्लोबिन ऑक्सिजनने किती टक्के भरलंय ते. पण २७-२८ आठवड्यांतच जन्मलेल्या, ऑक्सिजनवर असलेल्या बाळाचं सॅच्युरेशन ९२ असेल तर नर्स निश्चिंत असते. ते १०० वर जाऊन बसलं, तर ती उठून ऑक्सिजन कमी करते.

हे उलटं वाटतं, कारण ऑक्सिजन आपण हवेचा भाग म्हणून बघतो. बाळासाठी तो औषध आहे. त्याला मात्रा असते, आणि मात्रा चुकली तर त्याचे दुष्परिणाम आयुष्यभर पुरतात.

आईच्या पोटात बाळ किती कमी ऑक्सिजनवर वाढतं, हे आधी बघू. मोठ्या माणसाच्या धमनीतल्या रक्तात ऑक्सिजनचा दाब ९० ते १०० मिलिमीटर पारा इतका असतो. वारेकडून गर्भाकडे येणाऱ्या रक्तात तो जेमतेम ३०च्या आसपास असतो. एव्हरेस्टच्या माथ्याखाली ८,४०० मीटरवर गिर्यारोहकांच्या धमनीतलं रक्त काढून मोजलं गेलंय, तिथेही साधारण असेच आकडे आले. गर्भ मात्र त्यात मजेत वाढतो, कारण त्याचं हिमोग्लोबिन वेगळं असतं आणि कमी दाबालाही ऑक्सिजन घट्ट पकडतं. जन्मानंतर पहिल्या मिनिटाला निरोगी बाळाचं सॅच्युरेशन ६०-६५ असतं. ते ८५ ते ९५ पर्यंत चढायला दहा मिनिटं लागू शकतात. म्हणजे अपुऱ्या दिवसांच्या बाळासाठी आपली साधी हवासुद्धा पोटातल्यापेक्षा कितीतरी जास्त ऑक्सिजनची असते.

हे कळायला वैद्यकशास्त्राला फार मोठी किंमत मोजावी लागली. १९४०च्या दशकात बाळांना ठेवायच्या झाकबंद पेट्या (इन्क्युबेटर) आल्या, त्यात भरपूर ऑक्सिजन सोडता येऊ लागला आणि पूर्वी दगावणारी बाळं जगू लागली. १९४२ मध्ये बॉस्टनच्या थिओडोर टेरी यांनी अशा बाळांमधल्या एका नव्या अंधत्वाची नोंद केली. ते चांगल्या, सुसज्ज रुग्णालयांतच जास्त दिसत होतं, त्यामुळे कोडं आणखी अवघड झालं. मेलबर्नच्या केट कॅम्पबेल यांनी १९५१ मध्ये ऑक्सिजनकडे बोट दाखवलं. वॉशिंग्टनमध्ये अर्नाल पॅट्झ यांनी बाळांचे दोन गट करून एका गटाला कमी ऑक्सिजन द्यायला सुरुवात केली, तेव्हा काही नर्सेसना ते क्रूर वाटलं. कमी ऑक्सिजनवरच्या बाळांचा ऑक्सिजन या नर्सेस रात्री गुपचूप वाढवत. त्यांना दोष देता येत नाही, आजचा नातेवाईक काचेबाहेरून तेच तर मागत असतो.

१९५३-५४ मध्ये अमेरिकेतल्या १८ रुग्णालयांनी मिळून चाचणी केली आणि संशय पक्का झाला. तोवर जगभरात सुमारे १०,००० मुलांची दृष्टी गेली होती. मग लंबक दुसऱ्या टोकाला गेला. ४० टक्क्यांच्या वर ऑक्सिजन द्यायचा नाही, असा दंडक पडला. अंधत्व घटलं, पण फुप्फुसं कच्ची असलेली बाळं ऑक्सिजनअभावी जाऊ लागली. केनेथ क्रॉस यांनी १९७३ मध्ये मांडलेला अंदाज वाचताना आजही अंगावर काटा येतो: एका बाळाची दृष्टी वाचवण्यामागे सुमारे १६ मृत्यू.

आता डोळ्यात नेमकं घडतं काय, ते बघू. या लेखासाठी बसलो तो मुख्यतः यासाठीच. दृष्टिपटलात, म्हणजे डोळ्याच्या आतल्या प्रकाश टिपणाऱ्या पडद्यात, सुरुवातीला रक्तवाहिन्या नसतात. गर्भ साधारण १६ आठवड्यांचा झाला, की डोळ्याची नस जिथून मेंदूकडे निघते तिथून त्या फुटू लागतात आणि सगळीकडून कडेच्या दिशेने सरकतात. नाकाकडची कड त्या ३६व्या आठवड्याच्या सुमारास गाठतात, कानाकडची थेट दिवस भरत आल्यावर. या वाहिन्यांना वाट दाखवतो ऑक्सिजनचा तुटवडा.

आपल्या पेशींमध्ये एचआयएफ नावाचं प्रथिन सतत तयार होत असतं आणि तितक्याच वेगाने मोडलंही जात असतं. मोडायला ऑक्सिजन लागतो. एक विकर (एन्झाइम) ऑक्सिजनचा रेणू घेऊन त्यातला एक अणू एचआयएफवर चिकटवतं, व्हीएचएल नावाचं दुसरं प्रथिन ती खूण ओळखतं आणि मग पेशी एचआयएफचे तुकडे करून टाकते. ऑक्सिजन कमी पडला की खूण होत नाही. एचआयएफ शाबूत राहतं, पेशीच्या केंद्रकात शिरतं आणि बरीच जनुकं चालू करतं. त्यातल्या एका जनुकापासून व्हीईजीएफ हे प्रथिन बनतं. ते बाहेर झिरपतं आणि शेजारच्या रक्तवाहिनीच्या टोकाला आपल्या दिशेने वाढायला लावतं. वाहिनी पोहोचली की ऑक्सिजन आला, ऑक्सिजन आला की एचआयएफ मोडलं, मागणी थांबली. तुटवडा आता पुढच्या पट्ट्यात, म्हणून वाहिनीही पुढे. कुठलाही नकाशा नसताना अख्ख्या दृष्टिपटलावर जाळं विणलं जातं ते असं. पेशींना ऑक्सिजनची जाणीव कशी होते, हे उलगडल्याबद्दल विल्यम केलिन, पीटर रॅटक्लिफ आणि ग्रेग सेमेन्झा यांना २०१९ चं नोबेल मिळालं. माझ्या मते अलीकडच्या सर्वांत सुंदर शोधांपैकी हा एक आहे.

आता २६ आठवड्यांचं बाळ घ्या. वाहिन्या अर्ध्या वाटेवर आहेत आणि ते एकदम ऑक्सिजनच्या सुकाळात आलं. एचआयएफ मोडून पडतं, व्हीईजीएफ आटतं. वाहिन्यांची वाढ थबकते. एवढंच नाही, कोवळ्या वाहिन्यांच्या पेशींना जगायलाही व्हीईजीएफ लागतं, त्यामुळे आधी तयार झालेल्यांपैकी काही मिटून जातात. हा पहिला टप्पा. त्यात बाहेरून काही दिसत नाही.

मध्ये काही आठवडे जातात. दृष्टिपटल वाढत राहतं, त्याची ऑक्सिजनची गरज वाढते आणि कडेच्या भागात तर वाहिन्याच नाहीत. आता तिथे खराखुरा तुटवडा होतो आणि व्हीईजीएफचा पूर येतो. वाहिन्या वाढतात, पण वेड्यावाकड्या, दृष्टिपटलावर पसरण्याऐवजी डोळ्यातल्या पारदर्शक द्रवात घुसणाऱ्या. त्या गळतात, त्यांतून रक्त येतं, व्रण धरतो, आणि व्रण आकसला की दृष्टिपटल जागेवरून ओढलं जातं. हाच तो आरओपी, रेटिनोपथी ऑफ प्रिमॅच्युरिटी. म्हणजे पहिल्या आठवड्यांत जास्त मिळालेला ऑक्सिजन डोळ्यात पुढे तुटवडा निर्माण करतो. एकटा ऑक्सिजनच दोषी आहे असंही नाही. वाहिन्यांच्या वाढीला लागणारं आयजीएफ-१ हे संप्रेरक वेळेआधी जन्मलेल्या बाळात कमी असतं, म्हणून जितके दिवस कमी तितका धोका जास्त.

फुप्फुसांची तऱ्हा वेगळी. जादा ऑक्सिजनमधून मुक्त मूलकं, म्हणजे पेशींना इजा करणारे अतिक्रियाशील कण, तयार होतात. त्यांना निकामी करणारी विकरं गर्भारपणाच्या शेवटच्या तिमाहीत तयार होत असतात, त्यामुळे या बाळांकडे तीही अपुरी असतात.

मग १०० का नको, हे कळायला ऑक्सिमीटरची मर्यादा समजून घ्यावी लागते. ताकुओ आओयागी या जपानी अभियंत्याने १९७४ मध्ये मांडलेलं हे तंत्र लाल आणि अवरक्त प्रकाशाने हिमोग्लोबिन किती भरलंय एवढंच सांगतं. पेला काठोकाठ भरल्यावर वर कितीही पाणी ओतलं, तरी पेला भरलेलाच दिसतो. तसंच १०० या आकड्यामागे रक्तातला ऑक्सिजनचा दाब १०० असू शकतो, नाही तर ३००सुद्धा. ऑक्सिजन न लावलेल्या बाळाचं सॅच्युरेशन १०० आलं तर काळजी नाही, कारण साध्या हवेवर दाब तेवढा चढूच शकत नाही. लावलेल्या बाळात मात्र १०० म्हणजे आपण आंधळेपणाने ओततोय.

किती ठेवायचं, यावर मोठ्या चाचण्या झाल्या. २८ आठवड्यांच्या आत जन्मलेल्या सुमारे ५,००० बाळांची माहिती एकत्र करून २०१८ मध्ये निष्कर्ष आले. सॅच्युरेशन ८५-८९ ठेवलं तर आरओपीवर उपचार करावे लागलेली बाळं १०.९ टक्के, ९१-९५ ठेवलं तर १४.९. डोळ्यांसाठी कमी बरं. पण कमी गटात मृत्यू १९.९ टक्के आणि जास्त गटात १७.१. म्हणून आज बहुतेक ठिकाणी ९० ते ९५च्या मध्ये राहायचा प्रयत्न असतो. ही पट्टी अरुंद आहे, आणि बाळ श्वास घ्यायचं विसरलं की आकडा बघता बघता खाली येतो. हवा आणि ऑक्सिजन मोजून मिसळणारा ब्लेंडर आणि अलार्मकडे लक्ष असलेली नर्स, दोन्ही लागतात. थेट सिलिंडरमधून नळी लावली तर मात्रा हातात राहत नाही.

पूर्ण दिवसांच्या, जन्मल्यावर न रडलेल्या बाळालाही पूर्वी थेट १०० टक्के ऑक्सिजन देत. दिल्लीचे सिद्धार्थ रामजी आणि नॉर्वेचे ओला सॉगस्टाड यांनी १९९०च्या दशकात दाखवलं की साध्या हवेने श्वास दिला तरी बाळं तितकीच, किंबहुना जास्त चांगली सावरतात. २०१० पासून आंतरराष्ट्रीय मार्गदर्शक सूचनांमध्ये पूर्ण दिवसांच्या बाळासाठी सुरुवात साध्या हवेनेच आहे.

हे सगळं ठाऊक झाल्यावर 'शुद्ध ऑक्सिजन, नवी ऊर्जा' म्हणत डबे आणि ऑक्सिजनयुक्त पाणी विकणाऱ्यांचा राग येतो. निरोगी माणसाचं हिमोग्लोबिन साध्या हवेवरच भरलेलं असतं. त्या डब्यातून काही मिळत नाही, पण ऑक्सिजन जितका जास्त तितका चांगला हा समज मात्र पक्का होतो, आणि तोच समज घेऊन लोक एनआयसीयूच्या दारात येतात.

आई-वडिलांनी लक्षात ठेवायची तपासणी म्हणजे डोळ्यांची. आरओपीत डोळा लाल होत नाही, दुखत नाही, बाहेरून निरोगी दिसतो. नजर स्थिरावत नाही हे घरी कळेपर्यंत बहुधा उशीर झालेला असतो. म्हणून जन्मानंतर साधारण चार आठवड्यांनी पहिली तपासणी होते. बाहुली मोठी करणारे थेंब घालून डॉक्टर दृष्टिपटलाची कड बघतात. आजार वाढलेला दिसला, तर लेसरने कडेचा वाहिन्या नसलेला भाग निकामी करतात, म्हणजे तिथून व्हीईजीएफ येणं थांबतं, किंवा व्हीईजीएफलाच अडवणारं इंजेक्शन डोळ्यात देतात. उपचाराची गरज कळली, की हातात असतात दोन-तीनच दिवस. तोवर बाळ बरं होऊन घरी गेलेलं असलं, वजन वाढलेलं असलं, तरी दिलेली तारीख चुकवायची नाही. आणि पहिल्या तपासणीत काही निघालं नाही, तरी वाहिन्या कडेपर्यंत पोहोचल्या असं डॉक्टर सांगेपर्यंत पुढच्या तपासण्या चालूच ठेवायच्या.