खारवलेलं मांस आणि ओव्हन: नियम आले कुठून?

ओव्हनमध्ये भाजण्याआधी मांस मिठाच्या पाण्यात ठेवतात ते रसाळ व्हावं म्हणून. पूर्वी मात्र ते टिकावं म्हणून खारवत. ब्रिटिश आरमाराच्या जहाजांवर पिंपांतलं खारं गोमांस महिनोन्‌महिने पुरवलं जाई. ते इतकं खारट असे की शिजवण्याआधी पाण्यात भिजत घालावं लागे.

मीठ भरपूर असेल तर जंतू वाढत नाहीत. भरपूर म्हणजे किती, हे माणसांना जिवावर बेतल्यावर कळलं. डिसेंबर 1895 मध्ये बेल्जियममधल्या एलेझेल गावी एका अंत्यविधीनंतर वादकांनी खारवलेलं, न शिजवलेलं हॅम (डुकराच्या मांडीचं मांस) खाल्लं. तिघे दगावले. जंतुशास्त्रज्ञ एमिल व्हॅन एर्मेंगेम यांनी त्या हॅममधून बोट्युलिझम या जीवघेण्या विषबाधेचा जंतू वेगळा काढला. हा जंतू हवा नसलेल्या जागी वाढतो आणि नेमकं ते हॅम पिंपाच्या तळाशी, खाऱ्या पाण्याखाली होतं. त्याच डुकराचं पाण्याबाहेर राहिलेलं हॅम निर्धोक निघालं! मिठाचं प्रमाण पुरेसं वाढवलं तर या जंतूचं विष तयार होत नाही, हेही त्यांनी नोंदवलं. या विषयात याहून महत्त्वाचा तपास मला दुसरा दिसत नाही.

पुढे घरोघरी फ्रीज आले आणि मीठ कमी झालं. आज लिटरभर पाण्यात साधारण 50 ते 60 ग्रॅम मीठ घालतात. त्यानं मांसाचे तंतू फुगतात, पाणी धरून ठेवतात आणि ओव्हनच्या कोरड्या आचेत मांस चिवट होत नाही. पण एवढ्या मिठानं मांस टिकत नाही, आणि घोटाळा होतो तो इथेच. म्हणून पाणी आधी गार करायचं, भांडं 4 अंश सेल्सिअसच्या आत फ्रीजमध्येच ठेवायचं आणि वापरलेलं पाणी फेकून द्यायचं.

ओव्हनचे आकडेही बदलत आले. ट्रायकिनेला कृमीच्या धास्तीनं डुकराचं मांस पार सुकेपर्यंत भाजलं जाई. अमेरिकेच्या कृषी खात्यानं 2011 मध्ये त्याच्या अखंड तुकड्यांसाठी आतलं तापमान 71 ऐवजी 63 अंश सेल्सिअस आणि नंतर 3 मिनिटं थांबणं पुरेसं ठरवलं. कोंबडी-टर्कीसाठी मात्र 74 अंशच. रंगावर भरवसा ठेवू नये: नायट्राइट (खारवताना वापरतात तो क्षार) घातलेलं मांस पूर्ण शिजूनही गुलाबीच राहतं. थर्मामीटर सर्वांत जाड भागात, हाडाला न टेकवता खुपसावा.