ओट्स-मनुका कुकी मधुमेहींना बिनधास्त चालते का?

‘मैद्याऐवजी ओट्स, साखरेऐवजी गूळ आणि मनुका, ही घरची कुकी मधुमेहींनीही हवी तेवढी खावी,’ असा निरोप बरीच वर्षं फिरतोय.

पटण्यासारखा आहेच. ओट्समधल्या विरघळणाऱ्या तंतूमुळे साखर रक्तात हळू उतरते, हे खरं आहे. घोळ आहे तो प्रमाणाचा, आणि तो स्वयंपाकघरातल्या वजनकाट्यावर तपासता येतो. १०० ग्रॅम ओट्स, तेवढीच कणीक, तेवढंच लोणी, तेवढाच गूळ आणि ७५ ग्रॅम मनुका घेतल्या, तर साधारण २० कुकी होतात. गुळात ८० टक्क्यांच्या आसपास साखरच असते, मनुकांत जवळजवळ ६० टक्के. म्हणजे एका घाण्यात सुमारे १२५ ग्रॅम साखर. एका कुकीत सहा ग्रॅम, चहाचा दीड चमचा. उलट १०० ग्रॅम ओट्समधला तंतू जेमतेम १० ग्रॅम. वाटणीत कुकीला अर्धा ग्रॅम! (लोण्याचा हिशेब वेगळाच.)

घरी ग्लुकोमीटर असेल तर खाण्याआधी आणि दोन तासांनी साखर मोजून पाहा. गूळ निम्मा केला तरी कुकी जमते, फक्त कमी पसरते. भाजण्याआधी तळहाताने चपटी करून घ्यायची.