तापलेला ई-रीडर: उष्णता येते कुठून?

उन्हाळा लागला की एक सल्ला हमखास फिरू लागतो: ई-रीडर (पुस्तकं वाचायचं किंडलसारखं यंत्र) तापला तर दहा मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा. कृपा करून असं करू नका. फ्रिजमध्ये ४-५ अंशांपर्यंत गार झालेलं यंत्र बाहेर काढलं की हवेतल्या बाष्पाचं त्याच्यावर पाणी होतं, आणि ते फक्त काचेवर नाही, आत सर्किटवरही होतं. ‘उष्णता आणि रेडिएशन शोषून घेणारे’ स्टिकर तर शुद्ध फसवणूक आहेत. उष्णता शोषली तर स्टिकर तापणार, आणि तो चिकटलाय यंत्रालाच!

आधी उष्णता येते कुठून ते बघू. साध्या सहा इंची ई-रीडरची बॅटरी साधारण १५०० मिलीअँपिअर-तासांची असते. ३.७ व्होल्टने गुणलं की सुमारे साडेपाच वॅट-तास ऊर्जा. वाचताना ती वीस तास पुरली, तर सरासरी खर्च पाव वॅटच्या आसपास येतो. एवढ्याने हाताला चटका बसत नाही.

खर्च इतका कमी, कारण पडदा. काचेखाली केसाच्या जाडीएवढ्या असंख्य कुप्या असतात. प्रत्येक कुपीत पारदर्शक तेलकट द्रव, त्यात टायटॅनियम डायॉक्साइडचे पांढरे कण आणि कार्बनचे काळे कण. दोघांवर विरुद्ध विद्युतभार. मागच्या इलेक्ट्रोडला, म्हणजे वीज पोचवणाऱ्या थराला, अधिक किंवा उणे १५ व्होल्टच्या आसपास विद्युतदाब दिला की एका रंगाचे कण वर येतात, दुसऱ्या रंगाचे तळाशी जातात. दाब काढून घेतला तरी कण जागचे हलत नाहीत. त्यामुळे समोर स्थिर असलेलं पान टिकवायला वीज लागतच नाही, लागते ती पान उलटताना.

खरी गंमत तापमानाची आहे. कण किती वेगाने सरकणार हे द्रवाच्या दाटपणावर ठरतं, आणि खोबरेल तेलासारखाच हा द्रवही थंडीत दाट, उन्हाळ्यात पातळ होतो. जानेवारीत निफाडला पारा ४-५ अंशांवर उतरतो, मे महिन्यात मालेगावला ४२-४३ वर जातो. एकाच नाशिक जिल्ह्यात एकाच यंत्राला दोन्ही सोसावं लागतं. म्हणून आत तापमापक असतो आणि स्मृतीत एक तक्ता: इतक्या अंशांना विजेचे स्पंद इतके लांब. थंडीत लांब, उष्म्यात आखूड. त्यात अडचण अशी की कण नेमका कुठे पोचलाय हे यंत्राला दिसत नाही. आधीची छटा लक्षात ठेवून पुढचा धक्का किती द्यायचा ते ठरवावं लागतं. शिवाय दीर्घकाळात अधिक आणि उणे स्पंदांची बेरीज शून्य यावी लागते, नाहीतर एकाच दिशेचा प्रवाह इलेक्ट्रोडपाशी रासायनिक झीज घडवतो. अधूनमधून पान काळं-पांढरं लुकलुकतं, त्यामागे हा सगळा खटाटोप असतो. आता अर्धा पडदा उन्हात आणि अर्धा सावलीत असेल, तर तापमापक एकच आकडा सांगतो आणि तक्ता अर्ध्या पडद्यासाठी चुकतो. मागच्या पानाची पुसट अक्षरं उरतात ती यामुळेही. पडदा बिघडला असं लगेच समजू नका.

मग यंत्र तापवतं कोण? नाशिकच्या मे महिन्यातलं भर दुपारचं ऊन दर चौरस मीटरला सुमारे १००० वॅट ओततं. सोळा बाय साडेअकरा सेंटिमीटरच्या ई-रीडरवर त्यातले अठरा वॅट पडतात आणि काळं आवरण त्यातले बहुतेक गिळतं. आतल्या पाव वॅटपुढे हे प्रचंड आहे. १८४० साली स्थापन झालेल्या आपल्या नाशिकच्या सार्वजनिक वाचनालयात पुस्तक बदलायला गेलात आणि ई-रीडर बंद गाडीच्या डॅशबोर्डवर राहिला, तर तिथलं तापमान सहज ६० अंशांच्या घरात जातं. किंडलसारख्या यंत्रांसाठी वापराची मर्यादा ३५ अंश सांगितलेली असते.

सावलीतही यंत्र गरम लागत असेल आणि बॅटरी पाच-सहा तासांत उतरत असेल, तर आत सुमारे एक वॅट सतत जळतोय. म्हणजे प्रोसेसर झोपत नाही. बहुतेकदा कारण अनुक्रमणीचं असतं. एकदम शेकडो पुस्तकं टाकली की शोधासाठी प्रत्येकातल्या शब्दांची सूची बनते, आणि एखादी सदोष फाइल आली की काम तिथेच अडकून फिरत राहतं. रात्रभर यंत्राला आपलं काम उरकू द्या. सकाळीही ते गरमच असेल, तर शेवटी टाकलेली पुस्तकं काढून रीस्टार्ट करा. वाय-फायची रेंज कमकुवत असेल तर तेही बंद ठेवा, सिग्नल शोधण्यात बरीच वीज जाते.

तापलेल्या यंत्राचं कव्हर काढा, पंख्याखाली सावलीत ठेवा आणि गार होईपर्यंत चार्जिंगला लावू नका. लिथियम-आयन बॅटरी ४५ अंशांच्या वर चार्ज केली की आतल्या नको त्या रासायनिक क्रिया वेग घेतात आणि गेलेली क्षमता परत येत नाही. मागची बाजू फुगलेली दिसली किंवा पडदा कडेने उचलला गेला असेल, तर चार्जर कायमचा काढा, टोचू-दाबू नका, घरच्या कचऱ्यात टाकू नका. ते यंत्र ई-कचरा घेणाऱ्या अधिकृत केंद्रातच द्यायचं.