आर्टुर ब्राउनर

ब्राउनर, आर्टुर : (१ ऑगस्ट १९१८ – ७ जुलै २०१९). युद्धोत्तर पश्चिम जर्मनीतील आघाडीचा चित्रपटनिर्माता. जन्म पोलंडमधील लोड्झ येथे, लाकडाचा व्यापार करणाऱ्या ज्यू कुटुंबात. नाझी राजवटीत त्याचे ४९ नातेवाईक मारले गेले. तो स्वतः लपूनछपून वाचला. तरीही युद्ध संपताच त्याने संसार आणि धंदा दोन्ही बर्लिनमध्येच मांडले, आणि १९४६ मध्ये ‘सीसीसी फिल्म’ ही संस्था काढली.

छळछावणीतून निसटून जंगलात दडलेल्या माणसांची कथा सांगणारा ‘मोरिटुरी’ (१९४८) हा त्याचा जिव्हाळ्याचा चित्रपट. पण जर्मन प्रेक्षकांना तो विषय डोळ्यांसमोर नको होता. गोंधळ झाला, चित्रपट उतरवावा लागला आणि ब्राउनर कर्जात बुडाला. ते फेडण्यासाठी तो रंजनपटांकडे वळला. श्पांडाऊ भागात त्याने स्टुडिओ उभारला. पुढे तेथे दूरचित्रवाणीचीही कामे होत. त्याच्या नावावर २५० हून अधिक निर्मिती आहेत. त्यांतल्या कित्येक आज कोणी पाहत नाही, मात्र या गल्लाभरू चित्रपटांच्या कमाईवरच त्याचे पुढचे गंभीर काम उभे राहिले.

हिटलरच्या काळात देशोधडीला लागलेल्या दिग्दर्शकांना त्याने परत बोलावले, हे त्याचे मोठे श्रेय. रॉबर्ट सिओडमाकच्या ‘डी राटन’ला १९५५ मध्ये बर्लिन महोत्सवाचे सुवर्ण अस्वल हे सर्वोच्च पारितोषिक मिळाले. फ्रिट्स लांगने त्याच्यासाठी ‘एश्नापूरचा वाघ’ आणि ‘भारतीय थडगे’ (दोन्ही १९५९) केले. बाह्यचित्रण उदयपूरला झाले, अंतर्दृश्ये मात्र बर्लिनच्या स्टुडिओत. त्यामुळे राजवाड्याच्या भिंती अस्सल, पण गुहामंदिरातली भली थोरली देवी आणि तिच्यापुढे नाचणारी सीता नावाची नर्तकी या साऱ्या जर्मन कल्पनेतल्या. एश्नापूर नावाचे संस्थान भारतात कधीच नव्हते. भारतीय प्रेक्षकाला ते खटकते, आणि खटकायलाच हवे.

ज्यूंच्या संहाराचा विषय त्याने सोडला नाही. त्याची सहनिर्मिती असलेल्या व्हित्तोरिओ दे सिकाच्या ‘फिन्झी-कॉन्तिनींची बाग’ या चित्रपटाला ऑस्कर मिळाले. आग्नियेश्का होलांडच्या ‘हिटलरयुंगं सालोमोन’ला (१९९०) अमेरिकेत गोल्डन ग्लोब लाभले, परंतु जर्मन निवड समितीने तो ऑस्करसाठी पाठवलाच नाही. या निर्णयाविरुद्ध जर्मनीतल्याच नामवंत चित्रपटकर्मींनी जाहीर आवाज उठवला. जेरुसलेमच्या याद वाशेम या स्मृतिसंस्थेत त्याचे या विषयावरचे २१ चित्रपट जतन केलेले आहेत.