हत्यार धार लावायला पाठवताना

सप्रेम नमस्कार.

आमच्याकडे घेतलेली कात्री, चिमटा, नेल निपर (नखं कापायची पकड) किंवा वस्तरा बोथट झाला, तर तो टाकू नका. टपालाने आमच्या भोसरीच्या कारखान्यात पाठवा. धार लावून, दोन्ही बाजू पुन्हा जुळवून आम्ही तो घरपोच करतो. पुष्कळ ग्राहकांना ही सोय माहीत नसते. ज्यांना माहीत असते, ते हत्यार पार निकामी झाल्यावर पाठवतात. हे पत्रक मुख्यतः त्यांच्यासाठी आहे.

धार लावायची म्हणजे पोलाद झिजवायचं. धार नुसती मंदावली असेल, तर बारीक दगडावर चार हात फिरवले की काम होतं आणि पात्याचं नुकसान जवळजवळ शून्य. पण खाच पडली असेल, तर खाचेच्या तळापर्यंत अख्खं पातं उतरवावं लागतं, आणि कात्री असेल तर समोरचं पातंही तेवढंच. अशी दोन-तीन वेळा उतरवलेली कात्री आयुष्याच्या उतरणीला लागते. कात्री केस ओढायला लागली, टोकाशी केस कापण्याऐवजी दुमडायला लागली, की त्याच आठवड्यात पाठवा. सलूनवाल्या मंडळींना हे सांगावं लागत नाही, त्यांच्या बोटांना आधी कळतं. घरी दाढीमिशीपुरती कात्री वापरणारे मात्र वर्षानुवर्षं तशीच रेटतात.

चाकावर धार का लावून घेऊ नये, हा प्रश्न दुकानात रोज येतो. सायकलला चाक जोडून गल्लीत येणारा धारवाला विळी, सुरी, शिंप्याची मोठी कात्री उत्तम करून देतो. त्याच्या कामाबद्दल आमच्या मनात आदरच आहे. पण केस कापायच्या कात्रीचं पातं आतल्या बाजूने सपाट नसतं, किंचित खोलगट असतं. त्यामुळे कात्री मिटताना दोन्ही पाती एका वेळी एकाच बिंदूत एकमेकांना टेकतात आणि तो बिंदू स्क्रूपासून टोकापर्यंत सरकत जातो. केस तिथे कापला जातो. ही आतली बाजू कुणी चाकावर सपाट केली, की धार कितीही लखलखीत दिसो, पाती एकमेकांना नीट भेटत नाहीत. मग कापूस कापला जातो, केस नाही. दुसरी गोष्ट उष्णतेची. आमच्या हत्यारांचं पोलाद सुमारे 13 टक्के क्रोमियम असलेलं, पाणी देऊन कडक केलेलं असतं. कोरड्या, वेगवान चाकावर धारेची पातळ कड क्षणात तापते, कधी पिवळसर-निळी पडते. तेवढ्या भागाचं पाणी, म्हणजे कडकपणा, उतरलं, की तिथली धार आठवडाभरही टिकत नाही. आम्ही हे काम पाण्याखाली, हळू फिरणाऱ्या दगडावर आणि शेवटी हाताने करतो.

मध्यंतरी पार्लर चालवणाऱ्या एक ताई क्युटिकल निपर, म्हणजे नखाच्या बुडाची कातडी कापायची पकड, घेऊन आल्या. बाहेर कुठेतरी धार लावून घेतली होती आणि एक जबडा दुसऱ्यापेक्षा नखभर आखूड झाला होता. दोन्ही सारखे करायचे म्हणजे लांब जबडा कापायचा, आणि मग टोकच उरत नाही. तो निपर आम्हाला तसाच परत द्यावा लागला. वाईट वाटलं, कारण चार-पाच वर्षं सहज चालला असता.

पाठवण्याआधी घरी बघा

कात्रीत बऱ्याचदा दोष धारेचा नसून स्क्रूचा असतो. एका हाताने एक कडी धरा, दुसरं पातं काटकोनात उघडा आणि सोडून द्या. ते थोडं खाली येऊन अर्ध्यावर थांबायला हवं. धाडकन पूर्ण मिटलं तर स्क्रू सैल आहे, हललंच नाही तर फार घट्ट. स्क्रू जरासाच फिरवा आणि पुन्हा पाहा. मग टिश्यू पेपर ओला करून बुडापासून टोकापर्यंत कापा. स्वच्छ कापला गेला तर टपालखर्च वाचला.

चिमटा उजेडासमोर धरून हलकेच मिटा. टोकांमधून उजेडाची रेघ दिसली, तर जुळणी बिघडली आहे. फरशीवर एकदा टोकावर पडला की असं होतं, आणि भुवईचा बारीक केस निसटायला केसाएवढी फटही पुरते. पकडीने घरी सरळ करू नका, टोक तडकतं. चिमट्याची जुळणी आम्ही मोफत करतो, फक्त परतीचा टपालखर्च आपला. ही आमची काही नवी कल्पना नव्हे. अमेरिकेतली ट्वीझरमन कंपनी आपल्या चिमट्यांना अशीच मोफत धार लावून देण्यासाठी ओळखली जाते.

स्वच्छ करून पाठवा

हे आम्ही हात जोडून सांगतो. हत्यार साबणाच्या पाण्याने धुवा, कोरडं करा, सर्जिकल स्पिरिटने पुसा. निपर आणि वस्तऱ्याला रक्त लागलेलं असू शकतं, आणि हेपटायटिस बीचा विषाणू शरीराबाहेर किमान 7 दिवस जिवंत राहू शकतो. कारखान्यात आम्ही सगळं पुन्हा निर्जंतुक करतो, पण पाकीट उघडणारा हात त्याआधीचा असतो. ब्लीचमध्ये मात्र बुडवू नका. त्यातल्या क्लोरीनमुळे स्टेनलेस पोलादालाही बारीक खड्डे पडतात, आणि धारेवर पडलेला खड्डा म्हणजे खाचच.

बांधणी

कात्री मिटवून जाड पुठ्ठ्यात गुंडाळा आणि पुठ्ठ्यावरून चिकटपट्टी लावा, थेट पात्यावर नको. चिमट्याच्या आणि निपरच्या टोकावर खोडरबराचा तुकडा किंवा बाटलीचं बूच खोचा. मग लहान खोक्यात, आत कागद कोंबून, हलणार नाही असं ठेवा. नुसत्या कागदी पाकिटातून टोक बाहेर येतं आणि टपाल वाटणाऱ्याच्या हाताला लागतं. पावसाळ्यात खोक्याच्या आत एक प्लास्टिकची पिशवी घाला आणि हत्यारावर तेलाचा हात फिरवा.

खोक्यात एक चिठ्ठी असू द्या: नाव, परतीचा पत्ता, फोन, आणि तक्रार तुमच्या शब्दांत. “टोकाशी कापत नाही” एवढंही पुरतं, त्यावरून आम्हाला कुठे बघायचं ते कळतं. डावखुरे असाल तर ते ठळक लिहा. एका ग्राहकाची कात्री आम्ही उजव्या हाताच्या हिशेबाने घट्ट करून पाठवली होती, त्यांना दुसऱ्यांदा टपालात घालावी लागली. त्या दिवसापासून चिठ्ठी वाचल्याशिवाय स्क्रूला हात लावत नाही.

पाठवताना स्पीड पोस्टच करा आणि पावतीवरचा क्रमांक जपून ठेवा. रजिस्टर पोस्ट 2025 मध्ये स्पीड पोस्टमध्येच विलीन झालं आहे, त्यामुळे खिडकीवर ते वेगळं मागायची गरज नाही. पत्ता बिलाच्या मागे छापलेला आहे. पुण्यात राहत असाल तर टपालाचा खर्च करूच नका, रविवार पेठेत बोहरी आळीजवळच्या आमच्या दुकानात आणून द्या, तिथून रोज संध्याकाळी माल भोसरीला जातो.

ट्रिमर असेल तर फक्त पुढचा पात्यांचा भाग काढून पाठवा. ट्रिमरच्या आत लिथियम बॅटरी असते आणि हवाई टपालात तिच्यावर निर्बंध आहेत. पात्यांवर सोनेरी मुलामा असेल तर पाठवूच नका, धार लावताना मुलामा जातो आणि पातं पूर्वीसारखं राहत नाही. तेलाचा एक थेंब टाकून बघा, कुरकुर बहुधा तेवढ्यानेच थांबते. दुसऱ्या कंपनीची हत्यारं आम्ही घेत नाही. ज्याने बनवलं त्यालाच त्याचा मूळ कोन ठाऊक असतो, म्हणून त्या कंपनीकडेच विचारा.

याला एकच अपवाद, आजोबांचा वस्तरा. जर्मनीतल्या जोलिंगन गावाचं नाव कोरलेले जुने वस्तरे अजून पुण्यातल्या कित्येक घरांत, न्हाव्याच्या धोकटीत, फडताळात पडलेले असतात. ते कुठल्याही कंपनीचे असोत, आम्ही हातात घेतो. कोन ठरवायची चिंता इथे नसते. वस्तरा दगडावर पूर्ण आडवा ठेवला, की जाड पाठ आणि धार दोन्ही दगडाला टेकतात आणि कोन आपोआप ठरतो. 1000 नंबरच्या दगडापासून सुरू करून 8000 पर्यंत नेतो (नंबर मोठा तितका दगड बारीक), मग चामड्याच्या पट्ट्यावर पाठ पुढे ठेवून ओढतो. गंज वरवरचा असेल तर निघतो. धारेत खोल शिरला असेल तर तसं फोन करून सांगू, आणि विचारल्याशिवाय पोलाद उतरवणार नाही. मुठीला तडा असेल तर चिठ्ठीत लिहा.

वेळेचं एवढं लक्षात असू द्या. दिवाळीच्या आधी आणि तुळशीच्या लग्नानंतर लग्नसराई सुरू झाली की सगळी पार्लरं, सलूनं एकदम माल पाठवतात आणि आमच्याकडे रांग लागते. एरवी आठ दिवसांत होणाऱ्या कामाला तेव्हा तीन आठवडे लागतात. सलूनवाल्यांनी श्रावणात पाठवावं. कित्येक गिऱ्हाइकं महिनाभर दाढी-केस करत नाहीत, तुमच्या दोन कात्र्यांपैकी एक तेव्हा रिकामीच असते.

हत्यार परत मिळालं की लगेच वापरून बघा. मनासारखं नसेल तर 15 दिवसांत त्याच खोक्यातून परत पाठवा. दुसऱ्या वेळचा जाण्यायेण्याचा टपालखर्च आमचा.